पीएस२ वर ओपीएल: नवीन गेम टाकला की काळी स्क्रीन, दरवेळी तेच, काय करायचं

दिवाळीची किंवा मे महिन्याची सुट्टी लागली की माळ्यावरचे पीएस२ म्हणजे प्लेस्टेशन २ खाली येतात आणि मग तोच प्रॉब्लेम परत सुरू होतो. कुणीतरी पेनड्राइव्हवर गेम भरून दिलेले असतात, ते ओपीएल नावाच्या प्रोग्रॅममधून डिस्क न लावता मस्त चालत असतात, मग दोन कंटाळवाणे डिलीट करून दोन नवीन टाकले जातात, आणि आता नवीन सिलेक्ट केला की एकतर काळी स्क्रीन नाहीतर मशीन परत लिस्टवर आणून सोडतं. काहींना गेम फ्रॅगमेंटेड म्हणजे तुकड्यातुकड्यांत पडलेला आहे असा मेसेज दिसतो, काहींचा तो वाचायच्या आत निघून जातो. मग लेन्स गेली का, मेमरी कार्ड उडालं का, असे तर्क सुरू. लेन्सचा तर यात संबंधच नाहीये, ओपीएल पेनड्राइव्हवरून गेम लावताना डिस्क वाचतच नाही. त्यामुळे दुकानात नेऊन लेन्स बदलून घेऊ नका, हे सगळ्यात आधी सांगतो.

मी हे धरून चाललोय की तुमच्याकडे फ्री मॅकबूट, म्हणजे मशीनवर ओपीएलसारखे बाहेरचे प्रोग्रॅम चालू करून देणारं सॉफ्टवेअर, टाकलेलं मेमरी कार्ड आहे, त्यात ओपन पीएस२ लोडर म्हणजे आपलं ओपीएल आहे, आणि पुढच्या यूएसबी पोर्टला एफएटी३२ या फॉरमॅटमधला पेनड्राइव्ह लावलाय. आपल्याकडे बहुतेकांचं असंच असतं. हार्ड डिस्कवाल्या फॅट म्हणजे जुन्या जाड्या मशीनची गोष्ट वेगळी, त्यावर शेवटी थोडं लिहितो.

आधी कारण समजून घ्या, नाहीतर उपाय करूनही महिन्याभरात परत इथेच याल. पीएस२ मध्ये गेम चालवणारा मोठा प्रोसेसर वेगळा, त्याला ३२ एमबी रॅम, आणि डिस्क, यूएसबी, कंट्रोलर, मेमरी कार्ड बघणारा छोटा प्रोसेसर वेगळा, त्याला आयओपी म्हणतात, हा मुळात प्लेस्टेशन १ चाच प्रोसेसर आहे आणि त्याच्याकडे फक्त २ एमबी मेमरी. गेमला वाटत असतं की आत डिस्क फिरतेय, तो म्हणतो अमुक नंबरचा सेक्टर, म्हणजे डिस्कवरचा कप्पा, द्या. ओपीएल मध्ये बसून काय करतं तर पेनड्राइव्हवर गेमची आयएसओ, म्हणजे अख्ख्या डिस्कची एका फाइलीतली कॉपी, जिथून सुरू होते त्या जागेत हा नंबर मिळवतं आणि तिथून डेटा उचलून देतं. सरळ बेरीज. फाइल एकसलग पडली असेल तरच ती बेरीज बरोबर येते. पीसीचं तसं नाही, तो प्रत्येक तुकडा कुठे आहे ते टेबलमध्ये बघत बघत वाचतो, त्यामुळे तुकडे झालेत हे तुम्हाला कळतसुद्धा नाही, आणि म्हणूनच तीच आयएसओ लॅपटॉपवर एम्युलेटरमध्ये झकास चालते आणि लोक म्हणतात फाइल तर बरोबर आहे मग पीएस२ च खराब असणार.

एसटीत सहा जणांचं कुटुंब चढलंय असं समजा, सीटा सहा रिकाम्या आहेत पण एक पुढे, दोन मधे, तीन मागे. विंडोज म्हणतं बसा कुठेपण, उतरताना सगळे एकत्र उतरा म्हणजे झालं. ओपीएलला सहाच्या सहा लागून हव्यात, नाहीतर ते गाडीच सोडत नाही.

आता दीड जीबीचा गेम डिलीट करून तिथे चार जीबीचा टाकला तर काय होणार ते कळलं असेलच, थोडा त्या मोकळ्या जागेत जाणार आणि उरलेला जिथे जागा मिळेल तिथे. पण डिलीट न करताही हे होतं. दोन कॉपीच्या खिडक्या एकदम चालू ठेवल्या की दोन्ही फाइली एकमेकींत विणल्या जातात. आयएसओ थेट पेनड्राइव्हवरच डाउनलोड केली किंवा झिप, रार तिथेच उघडली तरी तेच. आणि आर्ट फोल्डर! कव्हरचे फोटो म्हणजे शेकडो बारक्या फाइली, त्या आधी टाकल्या, मग गेम, मग परत थोडे कव्हर बदलले, की मधेमधे भोकं पडतात. दिसायला छान दिसतं हे मान्य, पण अर्धी भांडणं त्याच्यामुळे.

उपाय कंटाळवाणा आहे पण खात्रीचा आहे, पेनड्राइव्ह रिकामा करून परत ओळीने भरायचा. पेनड्राइव्हवरचं सगळं पीसीवर एका फोल्डरमध्ये घ्या, आणि हे करताना व्हीएमसी (पेनड्राइव्हवरचं नकली मेमरी कार्ड) नावाचं फोल्डर असेल तर ते विसरू नका, त्यात तुमचे सेव्ह असतात, गेम परत मिळेल पण अर्धा झालेला सॅन अँड्रियास परत मिळणार नाही. मग फॉरमॅट एफएटी३२, क्लस्टर साइज ३२ केबी, पार्टिशन एमबीआर. विंडोजची नेहमीची फॉरमॅटची खिडकी ३२ जीबीच्या वरच्या पेनड्राइव्हला एफएटी३२ चा पर्याय सहसा दाखवतच नाही, तिथे रुफस किंवा जीयूआयफॉरमॅट वापरा, दोन्ही फुकट आहेत. क्विक फॉरमॅट चालतो.

भरताना आधी गेम, तेसुद्धा मोठे आधी, एका वेळी एकच कॉपी चालू. सगळे एकदम सिलेक्ट करून एका झटक्यात पेस्ट केले तरी चालतं कारण एका खिडकीतल्या फाइली विंडोज एकामागून एकच लिहितं, फक्त ती संपेपर्यंत दुसरं काही पेस्ट करू नका. गेम झाले की व्हीएमसी, मग सीएफजी म्हणजे सेटिंगचं फोल्डर, आणि आर्ट सगळ्यात शेवटी. मग सेफली रिमूव्ह करूनच काढा. हे लोकांना फालतू वाटतं पण एफएटी३२ ला घाईघाईत उपटलेला पेनड्राइव्ह अजिबात सहन होत नाही, मग चेकडिस्क चालवावं लागतं आणि फाउंड नावाचं एक गूढ फोल्डर दिसायला लागतं, तसं झालं असेल तर त्या पेनड्राइव्हवरच्या गेमवर विश्वास ठेवू नका, सरळ परत भरा.

यानंतर नवीन गेम टाकायचा झाला तर शेवटी सलग मोकळी जागा असेपर्यंत बिनधास्त टाका, काही होत नाही. गडबड डिलीट करण्यात आहे. म्हणून मी सगळ्यांना सांगतो की पेनड्राइव्हची कॉपी पीसीवर ठेवूनच द्या, आणि बदल करायचा असला की दोन-चार गेम साठवून एकदाच फॉरमॅट करून सगळं भरा. आज एक काढ उद्या एक टाक असं केलं की हा प्रॉब्लेम येणारच.

डीफ्रॅग म्हणजे पडलेले तुकडे परत जोडणं, ते करून चालेल का, हा पुढचा प्रश्न असतोच. चालतं, पण विंडोजचं स्वतःचं डीफ्रॅग नको, ते ड्राइव्ह एकूण ठीकठाक करतं, प्रत्येक फाइल एका तुकड्यात आणेलच असं नाही आणि आपल्याला तेवढंच हवंय. डीफ्रॅगलर नावाच्या टूलमध्ये एकच फाइल निवडून करता येतं. मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्समधलं कॉन्टिग आहे, ते फाइलचे किती तुकडे झालेत ते मोजून दाखवतं आणि जोडूनही देतं, कमांड लाइनची भीती नसेल तर तेच बेस्ट. उत्तर एक तुकडा आलं तर प्रॉब्लेम फ्रॅगमेंटचा नाही, पुढे वाचा. मात्र पेनड्राइव्ह जवळजवळ भरलेला असेल तर जोडायला सलग जागाच नसते आणि ते हात वर करतं. आणि स्वस्तातल्या पेनड्राइव्हवर सारखं सारखं डीफ्रॅग म्हणजे त्याचं आयुष्य कमी करणं, परत भरणं जास्त सरळ.

चार जीबीच्या वरचे गेम हा दुसरा नेहमीचा घोळ. एफएटी३२ वर एक फाइल ४ जीबीपेक्षा मोठी राहूच शकत नाही, आणि पूर्ण भरलेली सिंगल लेयर डीव्हीडी साधारण ४.३७ जीबी भरते. म्हणजे बरेच गेम थोडक्यासाठी अडकतात. त्यासाठी यूएसबीयूटिल नावाचं जुनं टूल आहे, ते गेमचे १ जीबीचे तुकडे करतं. हे तुकडे आयएसओ ठेवतो त्या डीव्हीडी फोल्डरमध्ये टाकायचे नाहीत, पेनड्राइव्हच्या रूटलाच म्हणजे सगळ्या फोल्डरच्या बाहेर राहतात, सोबत यूएल डॉट सीएफजी नावाची एक फाइल बनते ज्यात गेमची यादी असते. इथे लोक काय करतात, गेम नको झाला की एक्सप्लोररमधून तुकडे डिलीट करतात, यादीत नाव तसंच राहतं, ओपीएलमध्ये दिसतं आणि सिलेक्ट केलं की मशीन अडकतं. किंवा तुकड्यांची नावं हाताने बदलतात. तसं चालत नाही, फाइलच्या नावात तो जो चित्रविचित्र आठ अक्षरी कोड दिसतो तो गेमच्या नावावरूनच काढलेला असतो, नाव बदलायचं किंवा गेम काढायचा तर यूएसबीयूटिलमधूनच.

या तुकड्यांचा एक फायदा मात्र आहे जो कुणी सांगत नाही. प्रत्येक तुकडा आतून सलग असला म्हणजे झालं, सगळे तुकडे एकमेकांना लागून नसले तरी ओपीएलला चालतात. म्हणजे ४ जीबीची सलग जागा शोधण्यापेक्षा १ जीबीच्या चार-पाच जागा मिळणं सोपं. सारखी अदलाबदल करणाऱ्यांनी सगळे मोठे गेम असेच ठेवले तर त्रास कमी होतो.

एफएटी३२ ऐवजी एक्सफॅट हा दुसरा फॉरमॅट का नाही वापरायचं मग? वापरा की. ओपीएलच्या नव्या १.२.० बीटा बिल्डमध्ये एक्सफॅट चालतं, चार जीबीची भानगडच नाही, आणि थोडेफार तुकडे झाले असले तरी ते सांभाळून घेतं. थोडेफार, हे लक्षात ठेवा, त्यालाही मर्यादा आहे, त्याच २ एमबीच्या आयओपीमध्ये तुकड्यांची यादी ठेवायची असते ना. पण बहुतेकांच्या कार्डवर फ्री मॅकबूटसोबत आलेलं जुनं ओपीएल असतं, त्याला एक्सफॅट दिसतच नाही, लिस्ट रिकामी. आणि जुन्या यूलाँचईएलएफलाही, म्हणजे पीएस२ वर फाइली कॉपी करायच्या प्रोग्रॅमलाही, ते दिसत नाही, म्हणजे नवं ओपीएल एक्सफॅट पेनड्राइव्हवर ठेवलं तर ते कार्डवर कॉपी करणार कसं? छोटा एफएटी३२ पेनड्राइव्ह घ्या, त्यावर नव्या ओपीएलची ईएलएफ म्हणजे प्रोग्रॅमची फाइल ठेवा, यूलाँचईएलएफमधून मेमरी कार्डवर नेऊन ठेवा, मग मोठा एक्सफॅटवाला लावा. आज कुणी नवीन सेटअप करत असेल तर मी हाच रस्ता सुचवेन.

पेनड्राइव्ह बरोबर आहे पण लिस्टच रिकामी असेल तर आधी सेटिंग बघा. ओपीएलमध्ये यूएसबी स्टार्ट मोड, नव्या बिल्डमध्ये त्याला बीडीएम म्हणतात, तो ऑटोवर हवा, आणि सेव्ह चेंजेस दाबायचं, नाहीतर बंद केलं की गेलं. फोल्डरची नावं कॅपिटलमध्ये सीडी आणि डीव्हीडी. जुन्या ओपीएलला फाइलच्या नावाच्या सुरुवातीला गेमचा आयडी लागतो, म्हणजे एसएलयूएस किंवा एसएलईएस, अंडरस्कोर, तीन आकडे, डॉट, दोन आकडे, परत डॉट आणि मग गेमचं नाव, नाव छोटंच ठेवा, बत्तीस अक्षरांच्या आत. आयडी माहीत नसेल तर आयएसओच्या आत सिस्टम डॉट सीएनएफ फाइल असते ती नोटपॅडमध्ये उघडा, त्यात लिहिलेला असतो. नव्या बिल्डला साधं नाव पण चालतं. आणि प्लेस्टेशन १ चे गेम ओपीएलमध्ये टाकून चालत का नाही म्हणून विचारणारे दरवर्षी असतात, ते ओपीएलचं कामच नाही, त्यासाठी पॉपस्टार्टर वेगळं.

स्वतःच्या डिस्कवरून आयएसओ बनवत असाल तर, आणि बनवा, २००९ मध्ये भारतासाठी आलेले हनुमान: बॉय वॉरियर किंवा देसी अड्डा घरात पडले असतील तर डिस्क पूर्ण ओरखडायच्या आत काढून ठेवा, इमेजबर्नने सहज होतं. ज्या डिस्कची खालची बाजू निळी असते ती सीडी, तिची इमेज बिन-क्यू अशा जोडीत निघते, ती जशीच्या तशी टाकून चालत नाही, आयएसओमध्ये बदलून सीडी फोल्डरमध्ये टाकायची. डाउनलोडच्या लिंक मला विचारू नका, देणार नाही.

आता जे गेम सुरू होतात पण मधेच एका ठिकाणी अडकतात. हे फ्रॅगमेंटचं लक्षण सहसा नसतं. सुरुवातीला टाकलेले गेम नीट आणि नंतर टाकलेले सगळेच गंडलेले असतील तर पेनड्राइव्हच बनावट असायची शक्यता आहे, वर १२८ जीबी लिहिलेलं, आत ८ जीबी. हा पेनड्राइव्ह १२८ जीबी कॉपी झाल्याचं दाखवतो पण खरी जागा संपली की पुढचं सगळं हवेत. एच२टेस्टडब्ल्यू नावाचं टूल पीसीवर चालवा, पूर्ण भरून परत वाचून बघतं, वेळ लागतो, रात्री लावून झोपा. रस्त्यावरून किंवा ऑनलाइन सेलमध्ये संशयास्पद स्वस्तात घेतला असेल तर हेच आधी करा, बाकी सगळं नंतर.

एकच गेम, दरवेळी त्याच जागी अडकतो, तर आयएसओ खराब किंवा कम्पॅटिबिलिटी मोड हवा. ओपीएलमध्ये प्रत्येक गेमच्या सेटिंगमध्ये सहा मोड आहेत. मोड १ अचूक रीडसाठी, बरेच अडकणारे गेम यानेच सुटतात, मोड ३ कधीकधी काळ्या स्क्रीनवर उपयोगी पडतो, मोड ४ व्हिडिओ वगळतो, मोड ५ ड्युअल लेयर म्हणजे दोन थरांच्या मोठ्या डीव्हीडीसाठी, उदाहरणार्थ गॉड ऑफ वॉर २. सहाच्या सहा टिक करून ठेवणारे पण बघितलेत, तसं करू नका, एकेक लावून बघा, प्रत्येक मोड काहीतरी बदलतो आणि नको तिथे लावला तर चालणारा गेमही बंद पडतो. कुठल्या गेमला कुठला मोड याची ओपीएलची यादी नेटवर सापडते, आधी ती बघा.

पोर्टेबल हार्ड डिस्क लावून मधेच बंद पडत असेल तर पॉवर कमी पडतेय. पीएस२ चा यूएसबी पोर्ट पेनड्राइव्हला पुरतो, फिरणाऱ्या डिस्कला पुरेलच असं नाही. वेगळा अॅडाप्टर असलेला हब लावा.

आणि व्हीएमसी. हे म्हणजे पेनड्राइव्हवर ठेवलेलं नकली मेमरी कार्ड, फाइलच ती, त्यामुळे तीसुद्धा सलग हवी, नाहीतर गेम सुरू होताना व्हीएमसी फ्रॅगमेंटेड आहे म्हणून मेसेज येतो आणि खऱ्या कार्डवर जाऊ का विचारतो. लोक न वाचता हो म्हणतात आणि मग सेव्ह गेला म्हणून रडतात, सेव्ह गेलेला नसतो, तो व्हीएमसीत आहे आणि तुम्ही दुसऱ्याच कार्डवरून खेळताय. सेव्ह होत असताना लाईट गेली तर मात्र खरंच जाऊ शकतो, जिथे लोडशेडिंग आहे तिथे व्हीएमसीची कॉपी अधूनमधून पीसीवर काढत जा.

कट सीन अडखळतात, आवाज तुटतो, पळताना गाडी थांबून थांबून जाते, यावर मात्र पेनड्राइव्हच्या बाजूने काही इलाज नाही. पीएस२ चा यूएसबी १.१ आहे, कागदावर सेकंदाला १२ मेगाबिट, प्रत्यक्षात जेमतेम १ एमबी, आणि त्याचा डीव्हीडी ड्राइव्ह सेकंदाला ५ एमबीच्या वर वाचायचा, गेम त्या हिशोबाने बनवलेले. यूएसबी ३ चा महागडा पेनड्राइव्ह घेतलात तरी पोर्ट तोच राहणार. वाटच बदलायची असेल तर फॅट मशीनवाल्यांनी नेटवर्क अॅडाप्टर आणि आत हार्ड डिस्क, हा सगळ्यात छान पर्याय, फक्त त्या डिस्कवर गेम भरायला जुनं विनहिप नावाचं टूल वापरू नका, मोठ्या डिस्कचा त्याने सत्यानाश होतो, एचडीएल डंप वापरा. स्लिम म्हणजे नंतरच्या बारीक मशीनवाल्यांना लॅन पोर्ट आहेच, त्यातून पीसीवरचं शेअर्ड फोल्डर वाचता येतं, आणि तिथे तुकड्यांचा प्रश्नच येत नाही कारण फाइल पीसी वाचतो. अडचण एवढीच की ओपीएल शेअर्ड फोल्डर वाचायला एसएमबी१ ही जुनी पद्धत वापरतं आणि विंडोज १० च्या १७०९ व्हर्जनपासून ते मुळात बंद असतं, कनेक्ट होत नाही म्हणून येणाऱ्यांचं बहुतेक वेळा हेच कारण. ते चालू करणं सुरक्षित नाही, घरच्या कामाच्या लॅपटॉपवर तर नकोच, एखादा जुना पीसी किंवा रास्पबेरी पाय असेल तर त्यावर करा, तोही थेट केबलने मशीनला जोडून.

मेमरी कार्ड लावूनही मशीन थेट सोनीच्या स्क्रीनवरच जात असेल तर हा गेमचा नाही, फ्री मॅकबूटचा प्रॉब्लेम. आधी कार्ड काढून पिना आयसोप्रोपिल अल्कोहोलने पुसा आणि पहिल्या स्लॉटला लावून बघा. मग मशीन उलटं करून मॉडेल बघा. ९०००० सिरीजच्या शेवटच्या स्लिममध्ये, ज्यांचा बायोस, म्हणजे मशीनमधलं मूळ सॉफ्टवेअर, २.३० आहे, फ्री मॅकबूट चालतच नाही, कितीही कार्ड बदला. स्टिकरवर डेट कोड असतो, ८ए, ८बी असेल तर चालतं, ८सी असेल तर नशिबावर, ८डी आणि पुढे असेल तर नाही. त्यांच्यासाठी ओपनट्यूना, तेही मेमरी कार्डवरच बसतं फक्त पीएस२ च्याच मेनूतल्या ब्राउझरमध्ये जाऊन कार्ड उघडलं की सुरू होतं, नाहीतर २०२० मध्ये आलेलं फ्रीडीव्हीडीबूट, त्याला कोरी डीव्हीडी आर हवी, कमी स्पीडला जाळायची आणि फायनलाइज करायची. आणि हो, या शेवटच्या प्रकाराला लेन्स धड लागते.